अर्ध्या सुताचा फरक

दर फेरीला एका पाहुण्याला हात धुवायला पाठवायचं, असा साके या तांदळाच्या दारूच्या भट्टीतल्या ओइकावा तोजीचा, म्हणजे मुख्य कारागिराचा, शिरस्ता होता. सावाकोला हे नंतर कळलं. त्या वेळी तिला दिसलं ते इतकंच, की निळा डगला घातलेला एक ताठ म्हातारा, हात पाठीमागे बांधून आणि नाकपुड्या फुगवून, सहा पाहुण्यांच्या रांगेसमोरून सावकाश चालत आला आणि नेमका तिच्यापुढे थांबला.

"इथं कुणीतरी वासाचं लावून आलंय," तो म्हणाला.

चाखण्याच्या खोलीत ऑक्टोबर अखेरची थंडी होती. लांब टेबलावर पांढरे कप मांडलेले होते. प्रत्येकाच्या तळाशी निळ्या रंगाची दोन वर्तुळं, सापाच्या डोळ्यासारखी. 

"अत्तर नसेल, तर हाताला चोपडायचं काहीतरी. फुलाचं, फळाचं. बाई, तुम्हीच."

"मी काही लावलेलं नाही," सावाको म्हणाली.

"माझं नाक पन्नास हिवाळे या भिंतींच्या आत राबलंय. नाक खोटं बोलत नाही. माणसं बोलतात."

सेंदाईहून आलेला निवृत्त स्टेशनमास्तर खो खो हसला. त्याची बायको आणि सोबतची मेहुणी, दोघी तोंडावर हात धरून हसल्या. सावाकोच्या सासूने, फुमिएने, तिच्या कोपराला ढोसलं. "अगं, मी नवीन वर्षाला दिलेलं ते युझू लिंबाचं क्रीम असेल. लावलंस वाटतं शेवटी! पण आज कशाला लावायचं?"

"आई, मी नाही लावलं."

"जा ना, धुऊन ये," तिचा नवरा कोहेई हळूच म्हणाला. "उगाच कशाला वाढवतेस?"

सावाको चौतीस वर्षांची होती आणि टोक्योच्या एका सूप बनवणाऱ्या कंपनीत वास तपासायच्या खोलीत कामाला होती. अकरा वर्षं तिने वासाचा साबण वापरला नव्हता. चाचणीच्या दिवशी ती कॉफी प्यायची नाही. लसूण खायची नाही. बसमध्ये शेजारी कुणी अत्तर लावून बसलं तर उठून उभी राहायची. सासूचं क्रीम वेष्टनासकट कपाटात पडून होतं. थंडी लागली की तिच्या बोटांच्या पेरांना भेगा पडायच्या, त्या ती तशाच ठेवायची. अख्ख्या देशात जिच्या हाताला कशाचाही वास येणार नाही अशी एखादी बाई शोधायची म्हटली असती, तर तिच्याकडे बोट दाखवता आलं असतं. म्हाताऱ्याने तिच्याकडेच बोट दाखवलं होतं, पण भलत्या कारणासाठी.

ती मुकाट्याने नळावर गेली. पाण्याखाली हात धरल्यावर तिच्या डोक्यात राग नव्हता, विचार होता. ज्या माणसाला खरोखर वास येतो तो असं कधीच म्हणणार नाही. तो आधी कोहेईला हाकलेल, कारण कोहेईने सकाळी दाढीनंतरचं काहीतरी फासलं होतं आणि दीड मीटरवरूनही त्याचा वास येत होता.

मागे पावलं वाजली. कप भरणारी मुलगी टॉवेल घेऊन आली होती. डोक्याला रुमाल, मनगटापर्यंत लाल झालेले हात. डगल्यावर नाव टाचलेलं होतं, चिसे.

"माफ करा," ती वाकून म्हणाली. "ते तसेच आहेत. मनावर घेऊ नका."

सावाकोने हात पुसले. "किती दिवस झाले त्यांना वास येत नाही?"

टॉवेल परत घेता घेता चिसेचा हात थांबला. दाराकडे एकवार बघून ती म्हणाली, "तुम्ही डॉक्टर आहात?"

"नाही. पण माझं काम वासाचंच आहे."

"तीन वर्षं झाली. तापातून उठले आणि गेला तो गेलाच." चिसे आता भराभर बोलू लागली, जणू एकदा तोंड उघडलं की पुन्हा बंद करता येणार नव्हतं. "कुणाला माहीत नाही. आमच्या टोळीला माहीत आहे, बस. ते हाताने तांदूळ दाबून बघतात, पिंपाला कान लावून फेसाचा आवाज ऐकतात, जिभेवर घेतात. वासाचं मी सांगते. साकेला कसलाही धक्का लागलेला नाही, तुम्ही आज चाखालच."

"मग लपवता कशाला?"

"मालकांना निमित्तच हवंय. आज ते स्वतः येऊन बसणार आहेत. पाहुण्यांसाठी गंमत म्हणून पाच कप मांडायचे आणि तोजींनी पाठ फिरवून मग ओळखायचे, असं ठरवलंय. कुणीतरी त्यांच्या कानाशी लागलेलं दिसतंय. तोजी चुकले तर परवा हंगामाचा पहिला तांदूळ दुसराच कुणी वाफवेल. आणि तोजी गेला की त्याची टोळी जाते, इथं तसंच असतं. आम्ही सहा जण आहोत."

"मग ते ओळखणार कसे?"

चिसेने टॉवेलची घडी घातली, उलगडली, पुन्हा घातली.

"तुम्ही फक्त काही बोलू नका," ती म्हणाली. "एवढं करा. हात जोडते."

"मी काही बोलणार नाही," सावाको म्हणाली आणि त्या क्षणी ते तिच्या मनात खरंच होतं.

ती खोलीत परतली तेव्हा सगळे तिचीच वाट बघत उभे होते. म्हाताऱ्याने तिच्या दिशेने एक दीर्घ श्वास घेतला, अगदी पोट भरून.

"हां! आता बाईंच्या हाताला माणसाचा वास येतोय."

पुन्हा हशा.

मग चाखणं सुरू झालं, आणि सावाकोची पंचाईत अशी झाली की ते फार सुंदर होतं.

पाहुण्यांनी कसं करायचं ते म्हाताऱ्याने दाखवलं. प्रत्येकाला एक छोटी वाटी आणि रबरी फुग्याचा एक ड्रॉपर. मोठ्या कपात तोंड घालायचं नाही. ड्रॉपरने घ्यायचं, वाटीत सोडायचं, आधी डोळ्यांनी बघायचं, मग नाकाने, मग जिभेने, आणि बाजूच्या भांड्यात थुंकायचं. "गिळलंत तरी मी पोलिसांत जाणार नाही," तो म्हणाला. "पण पाचव्या कपापर्यंत तुम्हाला स्वतःचं नाव आठवलं पाहिजे."

चिसे कप भरत होती. पाच बाटल्या, पाच कप, आणि सगळ्यांत एका रेषेत पातळी. सावाकोच्या डोळ्याला ते सुखावून गेलं. तिच्या प्रयोगशाळेत नव्या मुलांना असं भरायला दोन-दोन वर्षं लागायची.

पहिलं रोजच्या जेवणाबरोबरचं साधं साके. दुसरं जुन्या पद्धतीचं, ताकासारखी आंबट कड असलेलं. त्याबरोबर धुरावर वाळवलेल्या मुळ्याच्या लोणच्याची एकेक चकती आली आणि दोघांचं असं जमलं की कोहेईने आपली चकती संपवून आईची उचलली. मग तिसरं. सावाकोने वाटी नाकाशी नेली आणि डोळे मिटले.

हिरवं सफरचंद. नुसता सफरचंदाचा वास नव्हे. सुरी फिरल्यावर फोडीच्या ओल्या कडेला जो येतो तो. त्यामागे वाफवलेल्या तांदळाची ऊब, आणि अगदी शेवटी, तोंडातलं सगळं गेल्यावर, बडीशेपेसारखं काहीतरी एकदाच डोकावून जाणारं. अकरा वर्षं ती कोंबडीच्या अर्कात नि सोयाच्या पाण्यात असा शेवट शोधत होती. तिने थुंकलं नाही, गिळलं.

"तिसऱ्यात सफरचंद आहे," म्हातारा सांगत होता. "आधी हिरवं, मग पिकलेलं. सगळं संपलं असं वाटलं की बडीशेप. घाई करणाऱ्याला ती भेटत नाही."

शब्दन् शब्द बरोबर होता. पण सावाकोने बघितलं, तो बोलत असताना पलीकडे चिसेचे ओठ अगदी किंचित हलत होते, पोराच्या पाठांतराच्या वेळी आईचे हलतात तसे.

चौथ्यात केळं होतं. बाकी जिभेवर सगळं तिसऱ्यासारखंच, तीच गोडी, तेवढीच आंबट कड, तोच भार. सावाको त्या आनंदात होती आणि आनंदात माणूस बोलून जातो.

"तिसऱ्या-चौथ्याचा तांदूळ एकच ना?" तिने विचारलं. "पाणीही एकच. फक्त यीस्ट बदललंय. नाक बंद केलं तर दोन्ही ओळखू येणार नाहीत."

खोलीत कुणाला त्यात वावगं वाटलं नाही. चिसेच्या हातातली बाटली मात्र टेबलाला लागून वाजली. म्हाताऱ्याने मान वळवून सावाकोकडे बघितलं. त्याचे डोळे बारीक झाले.

"वा! बाई पुस्तक पाठ करून आल्यात."

"ती वासाचंच काम करते हो," फुमिए कौतुकाने म्हणाली, पण त्यात चिमटा होताच. "टोक्योत कंपनीत बसून दिवसभर सूप हुंगते. घरी मात्र रोज बाहेरचं खाणं."

"सूप?" म्हातारा म्हणाला. "मग बरोबर. कोंबडीच्या हाडांवर पोसलेलं नाक आहे. साकेत त्याला यीस्टच दिसणार, आणखी थोडं थांबलं तर कोंबडीची शेपटीपण दिसेल."

स्टेशनमास्तरने मांडीवर थाप मारली. फुमिए डोळे पुसेपर्यंत हसली. हे सगळं सावाकोने सोसलं असतं. पण तिने कोहेईकडे बघितलं, आणि कोहेईही हसत होता. खाली बघून, खांदे हलवत, आपण हसतोय हे बायकोला दिसू नये एवढी काळजी घेत.

पाचवं तीन वर्षं मुरवलेलं होतं, मधासारख्या रंगाचं. सावाकोने ते चाखलं. काय चाखलं ते तिला नंतर आठवलं नाही.

तेवढ्यात मालक आले. हिराका चाळिशीचे होते, राखाडी स्वेटर, मृदू आवाज, आणि समोरच्याचं बोलणं पुरतं संपल्यावरच बोलायची सवय. त्यांनी पाहुण्यांना नमस्कार केला, थंडीबद्दल विचारपूस केली, आणि म्हणाले, "आता थोडी गंमत करू. आमचे तोजी-सान पाठ फिरवून उभे राहतील. पाच कप मी माझ्या हाताने मागेपुढे करीन. आधी पाहुण्यांनी ओळखून कागदावर लिहायचं, मग तोजी-सान ओळखतील. ज्याची पाचही बरोबर, त्याला तिसऱ्या नंबरची एक बाटली घराकडून भेट."

"माझी बरोबर आली तर?" म्हाताऱ्याने विचारलं.

"तुम्हाला काय, तुमचं घरच आहे," हिराका हसून म्हणाले.

म्हातारा भिंतीकडे तोंड करून उभा राहिला. मागून बघताना तो एकदम लहान दिसला. डगल्याच्या कॉलरमधून निघालेली मान बारीक होती, आणि तिच्यावरचे केस कुणीतरी घरीच कापलेले होते, थोडे तिरके.

चिसेने कप भरले. प्रत्येकाच्या तळाला खालून नावाची चिठ्ठी चिकटवलेली होती. हिराकांनी कप उचलून तबकात इकडचे तिकडे केले आणि तबक पाहुण्यांपुढे फिरवलं. प्रत्येकाने प्रत्येक कपातून एकेक ड्रॉपर घ्यायचा होता. सावाको रांगेत शेवटची होती.

तबक तिच्यासमोर आलं आणि तिला लगेच दिसलं. चार कपांत पातळी एका रेषेत होती. एकात अर्ध्या सुताने, जेमतेम दीड मिलिमीटर, खाली. आधीच्या पाच जणांनी सगळ्यांतून सारखंच घेतलं होतं, त्यामुळे तो फरक जसाच्या तसा राहिला होता. पहिल्या वेळी जिचा हात तसूभरही चुकला नव्हता, ती आता चुकणं शक्य नव्हतं. सावाकोने खालच्या पातळीचा कप हुंगला. सफरचंद. शेजारचा हुंगला. केळं.

म्हणजे असं होतं तर! साधं, आंबट आणि मुरलेलं म्हातारा जिभेने नि डोळ्याने ओळखणार होता. उरलेल्या जुळ्या दोघांपैकी जो उणा तो सफरचंदाचा. सोपं, स्वस्त आणि कुणाच्याही नाकाखालून जाणारं. तिला ती युक्ती मनापासून आवडली. एखाद्या सहकाऱ्याच्या हुशारीला दाद द्यावी तशी तिने मनात दाद दिली.

आणि मग तिला जाणून घ्यावंसं वाटलं, की आपला तर्क बरोबर आहे का.

तपासायची रीत तिला येत होती. बाकी सगळं आहे तसं ठेवायचं आणि एकच गोष्ट बदलायची. कपाचं तोंड आठ सेंटिमीटर. ड्रॉपरमध्ये पाच मिलिलिटर. तीन ड्रॉपर म्हणजे पातळी तीन मिलिमीटर खाली. अर्धा सूत उणा असलेला कप अर्धा सूत वरचढ ठरणार. हा हिशेब तिच्या डोक्यात एका श्वासात झाला.

तिने प्रत्येक कपातून आपल्या वाट्याचा एकेक ड्रॉपर घेतला. मग केळ्याच्या कपातून आणखी एक.

तबक धरलेल्या चिसेने तिच्याकडे बघितलं.

सावाकोने दुसरा घेतला.

"झालं असेल तर..." चिसे म्हणाली.  हिराका दोन पावलांवर उभे होते. "तोजी-सान थांबलेत. तबक नेऊ का?"

"एक मिनिट," सावाको म्हणाली. "हे मला फारच आवडलंय."

तिने तिसरा ड्रॉपर भरला, वाटीत सोडला आणि प्यायली. नंतर कागदावर पाच नावं लिहून कागद दुमडून ठेवला. चिसेचे अंगठे तबकाच्या कडेवर पांढरे पडले होते. पण मालकांच्या देखत ती कपाला हात लावू शकत नव्हती, आणि हात लावल्याशिवाय करण्यासारखं काही उरलं नव्हतं.

म्हातारा वळला. त्याने डगल्याच्या बाह्या नीट केल्या आणि टेबलाशी आला. पहिल्या कपातला घोट तोंडात घेतला, खळखळवला, थुंकला. "साधं." दुसरा. "आंबट. हिचा लाडका." चिसेकडे मान हलवून तो म्हणाला. मधला कप त्याने तळाच्या निळ्या वर्तुळांवर रंग दिसेल असा नुसता कलता धरला. "हा मुरलेला. याला तोंड लावायची गरज नाही." स्टेशनमास्तरने वाहवा केली.

दोन उरले. म्हाताऱ्याने दोन्हींवर एकदा नजर टाकली, अगदी सहज, आणि मग मोठा थाट करून दोन्ही हुंगले. एक हुंगला, डोळे मिटले, मान हलवली. दुसरा हुंगला, थोडा वेळ थांबला, जणू ओळखीच्या कुणाचा तरी आवाज ऐकत होता.

"हे केळं," तो पहिल्याला म्हणाला. मग दुसऱ्यावर हात ठेवला. "आणि हे सफरचंद. आधी हिरवं, मग पिकलेलं. शेवटी बडीशेप, बघा. काल रात्रीपासून आणखी उघडलंय."

खाली गेलेल्या पातळीच्या कपावर त्याचा हात होता. त्यातून केळ्याचा वास इतका स्पष्ट येत होता, की स्टेशनमास्तरच्या बायकोनेसुद्धा आपल्या नवऱ्याकडे बघितलं.

सावाकोचा तर्क बरोबर होता.

हिराकांनी कप उचलून तळ बघितला. मग दुसऱ्याचा. त्यांच्या चेहऱ्यावर काही हललं नाही. "हं," ते म्हणाले. मग पाहुण्यांचे कागद उलगडून वाचले. "कुझुमी-सान. पाचपैकी पाच!" त्यांनी सावाकोकडे बघून मान लववली. "आज आमच्या तोजींपेक्षा पाहुण्यांचं नाक सरस ठरलं. टाळ्या."

टाळ्या झाल्या. फुमिएने सगळ्यांत जोरात वाजवल्या. "माझी सून आहे!" ती स्टेशनमास्तरला म्हणाली. म्हाताऱ्याला काय झालं ते अजून पुरतं कळलेलं नव्हतं; सगळे वाजवतात म्हणून त्यानेही वाजवल्या. मग हिराकांनी दोन्ही कप त्याच्यापुढे उंच धरून तळाच्या चिठ्ठ्या दाखवल्या, आणि त्याचे हात हवेत थांबले.

"सर्दी झालीय का, तोजी-सान?" हिराकांनी मायेने विचारलं.

"नाही."

"मग वय असेल. पन्नास हिवाळे म्हणजे काही थोडे नाहीत. आता थंडीत आराम करावा तुम्ही. परवाच्या वाफवण्याचं मी बघतो, दुसरीकडे शब्द टाकून ठेवलाय. कोजीच्या खोलीची किल्ली आज जाताना इथंच टेबलावर ठेवा. घाई नाही. आधी पाहुण्यांना निरोपाचा गोड कप द्यायचा राहिलाय ना? तो तुमच्याच हातून होऊ दे. लोक तुमच्यासाठी येतात."

फुमिए कोहेईला कुजबुजत विचारत होती, कसली किल्ली? कोहेईलाही माहीत नव्हतं. सावाकोला माहीत होतं: तांदळावर बुरशीचं विरजण, म्हणजे कोजी, धरवायच्या खोलीची किल्ली फक्त तोजीकडे असते. पण चाळीस वर्षं गाड्या सोडलेल्या स्टेशनमास्तरला माणसाला घरी पाठवतानाचा तो मऊ आवाज ओळखीचा असावा. त्याने नजर खाली घातली आणि लोणच्याच्या रिकाम्या बशीशी चाळा करू लागला.

म्हाताऱ्याने गोड कप दिला. प्रत्येकाच्या पुढ्यात, प्रत्येकाला वाकून. हे हिवाळ्यात नाही, चेरी फुलल्यावर पितात, असं काहीतरी सांगितलं, आणि ते सांगताना एक विनोदही केला. कुणी हसलं नाही, तेव्हा तोच थोडा हसला.

मग तो भरण्याच्या टेबलाशी गेला. सावाको चूळ भरायला तिथेच उभी होती. तो चिसेशी हलक्या आवाजात बोलला. पण सावाको दोन हातांवर होती आणि तिचे कानही चांगले होते.

"काय देऊ केलंय त्याने तुला, पोरी? माझी जागा?"

"तोजी, मी नाही..."

"कप कुणी भरले?"

"मी."

"एकटीने?"

"एकटीनेच. पण ठरल्याप्रमाणेच भरले होते. जे खाली ठेवायचं तेच..."

"मग काय, साके चालत गेलं?"

चिसेने तोंड उघडलं. तिची नजर म्हाताऱ्याच्या खांद्यावरून सावाकोवर येऊन थांबली. मालकांच्या देखत तिला काही विचारता येत नव्हतं आणि विचारायची गरजही नव्हती. एका पाहुणीवर, बक्षीस मिळालेल्या पाहुणीवर, मालकांसमोर बोट दाखवायचं, तर आधी सांगावं लागणार होतं की कपांत खूण होती. म्हणजे म्हातारा नुसता चुकला नाही, तीन वर्षं फसवत होता, हेही तिनेच सांगायचं.

सावाकोच्या तोंडात पाणी होतं. तिने ते गिळलं. काही बोलणार नाही असा शब्द तिने दिला होता. तो तिने पाळला.

"नऊ वर्षं," म्हातारा म्हणाला. "नऊ वर्षं तुला माझ्या हाताखाली ठेवलं. बाकीच्या पाचांना जाऊन तूच सांग, सामान बांधा म्हणून. माझ्या तोंडाने नको."

त्याने डगल्याच्या आतल्या खिशातून लाकडी पट्टीला बांधलेली किल्ली काढली आणि कपांच्या रांगेत शेवटी ठेवली. नीट, सरळ रेषेत, सहावा कप असल्यासारखी. मग चपला बदलून तो मागच्या दाराने गेला.

बक्षिसाची बाटली चिसेलाच बांधून द्यावी लागली. तिने ती वर्तमानपत्रात गुंडाळली, दोरीची गाठ मारली आणि दोन्ही हातांनी पुढे केली. सावाकोने हात पुढे केला, तेव्हा चिसेने बाटली दिली नाही. आधी तिचा उजवा हात मनगटाला धरला, वळवला आणि तळवा आपल्या नाकाशी नेला. सावकाश श्वास घेतला. एकदा. पुन्हा एकदा, बोटांच्या भेगांपाशी.

"खरंच," ती म्हणाली. "कशाचाच वास नाही."

मग तिने बाटली दिली आणि कमरेत वाकून नमस्कार केला. सावाको बाहेर पडेपर्यंत ती वाकलेलीच होती.

परतीच्या गाडीत डबा जवळजवळ रिकामा होता. बाहेर कापणी झालेली शेतं आणि धुराचे पट्टे. कोहेई पाचही कपांतलं बरंचसं गिळून आला होता, तो लगेच झोपला. त्याच्या गालावरच्या त्या वासाने सावाकोला खिडकीशी सरकावं लागलं. बाटली तिच्या मांडीवर होती.

"काय छान झालं ना आज," फुमिए म्हणाली. "नुसते फिरायला आलो, आणि बक्षीस घेऊन चाललो. तो म्हातारा मात्र शेवटी अगदीच पडला. आधी किती तोरा होता!"

"हो."

"आणि शेवटी काय गडबडला कुणास ठाऊक." फुमिए थोडी सरकून बसली आणि सुनेच्या हातावर हात ठेवला. असं ती सहसा करत नसे. "काही असो, तुझ्या हाताचं मात्र त्याने अचूक ओळखलं. मला बरं वाटलं हो. मला वाटायचं माझं क्रीम तू कपाटातच टाकून दिलं असशील. लावतेस ना?"

सावाकोने खिडकीबाहेर बघितलं. एक दिवा गेला, दुसरा गेला.

"लावते, आई," ती म्हणाली. "सकाळीच लावलं होतं."